बुडतंय की तरंगतंय

पोरांकडून पाठ करून घेण्यात दीपश्रीचा हात धरणारं कुणी नव्हतं. हुबळीत कोप्पीकर रोडच्या मागच्या गल्लीत एक खासगी नर्सरी होती, तिथं तिनं आठ वर्षं काढली. तिथं शिकवणं म्हणजे काय, तर आईबाप दारात दिसले की पोरांनी रंग, फळं, प्राणी धडाधड म्हणून दाखवायचे. आईबाप खूश, मालकीणबाई खूश. पोरांना कुणी विचारलं नव्हतं.

मग सरकारी शाळांत पहिलीच्या आधीचे वर्ग सुरू झाले आणि दीपश्रीच्या मनानं उचल खाल्ली. पण तिथं नुसत्या अनुभवाला कोण विचारतो? बालशिक्षणाची पदविका हवी. तिनं नर्सरी सोडली आणि मळमड्डीतल्या घरचं उरकून दोन वर्षं कॉलेजला जात राहिली. आता शेवटचा पाठ तेवढा राहिला होता. परीक्षक बाहेरून येणार, वर्गात मागं बसून बघणार आणि पास म्हणाले तरच पदविका मिळणार. नापास झाली तर पुन्हा बसता येत होतं, पण पुढल्या वर्षी तिचं वय सरकारी नोकरीच्या अटीबाहेर जात होतं. म्हणजे या खेपेला जमलं तर जमलं, नाहीतर रामराम.

“चार वर्षांच्या पोरांपुढं उभं राहायला एवढा खटाटोप?” तिचा नवरा वेंकटेश चिडवायचा. तो वकील. “मला जज्जापुढं उभं राहायला एवढं लागलं नाही.”

“तुमचे जज्ज अंगावर ओकत नाहीत,” ती म्हणायची.

पाठ व्हायचा होता तो अळणावरच्या वाटेवरच्या एका गावातल्या सरकारी मराठी शाळेत. विषय साधा: पाण्यात काय बुडतं, काय तरंगतं. मुलांनी आधी अंदाज सांगायचा, मग वस्तू पाण्यात सोडून बघायची. दीपश्रीनं एका पिशवीत पान, खडा, बाटलीचं बूच आणि चमचा भरून ठेवला. पण आदल्या दिवशी ती शाळेत गेली तेव्हा तिला नाही नाही त्या शंका येऊ लागल्या. एखादं पोर बोललंच नाही तर? भलतंच बोललं तर? आणि आठ वर्षांची सवय ती, जाते कुठं! तिनं सगळ्यांना ओळीत बसवलं आणि घोकून घेतलं: पान तरंगतं, खडा बुडतो, बूच तरंगतं, चमचा बुडतो. शेवटी टाळ्या.

वर्गाच्या बाई भागीरथीअक्का दारात उभ्या राहून ऐकत होत्या. “सगळं आजच सांगून टाकलीस की गं. उद्या त्यांनी काय करायचं?”

“उद्या न चुकता बोलतील, अक्का.”

“बोलतील की,” अक्का म्हणाल्या आणि पोरांच्या जेवणाचं बघायला निघून गेल्या.

दुसऱ्या दिवशी परीक्षक हेमावती मॅडम आल्या. हसणं घरी ठेवून आल्यासारखा चेहरा. खुर्ची बाजूला सारून त्या मागं सतरंजीवरच बसल्या. दीपश्रीनं निळा टब मधोमध ठेवला, पाणी ओतलं, पिशवी जवळ ओढली. तिनं पिशवीत हात घालायच्या आधीच पुढच्या ओळीतला श्रीनिधी ताडकन उभा राहिला, आणि त्याच्यामागं सगळा वर्ग एका सुरात सुरू झाला. “पान तरंगतं! खडा बुडतो! बूच तरंगतं! चमचा बुडतो!” मग टाळ्या. मग सगळे हाताची घडी घालून बसले. अर्ध्या मिनिटात पाठ आटोपला होता आणि पिशवी अजून बांधलेलीच होती.

मॅडमचं पेन थांबलं. काहीच झालं नाही असं दाखवून दीपश्रीनं विचारलं, “मग पान काय करतं?”

“तरंगतं,” पोरं म्हणाली. कुणी खिडकीबाहेर बघत होतं, कुणी बटण चावत होतं. टबाकडं एकाचंही लक्ष नव्हतं. एवढं पाणी समोर ठेवलंय आणि चार वर्षांचं पोर त्यात बोटसुद्धा घालत नाही! दीपश्रीला स्वतःची लाज वाटली. नापास तर आपण झालोच, तिच्या मनात आलं. मग निदान ही पोरं तरी खेळू देत.

तिनं पिशवी उचलून दाराआड ठेवली. “यातलं तुम्हाला सगळं ठाऊक आहे. आता मला ठाऊक नाही असं काहीतरी आणा बघू.”

पोरं एकमेकांकडं बघत राहिली. मग एक उठलं, आणि मग वर्ग फुटलाच. चप्पल आली, चिंच आली, अक्कांच्या चष्म्याचं घर आलं. खडू बुडाला आणि त्यातून बुडबुडे निघाले, तेव्हा सगळे टबावर ओणवे झाले. पाणी फरशीभर झालं. दोघांची मारामारी झाली आणि मिटलीसुद्धा.

एवढ्यात आकाश नावाचा मुलगा आपला स्टीलचा डबा घेऊन आला. रिकामा, झाकण घट्ट लावलेला.

“बुडतो!” श्रीनिधी म्हणाला. “चमचा बुडतो, डबापण बुडतो.”

“माझा नाही बुडायचा,” आकाश म्हणाला आणि त्यानं डबा सोडला. डबा डुलत डुलत तरंगू लागला.

श्रीनिधी रागानं लाल झाला. इकडं शाळेतल्या बाईंना पोरं अक्कोर म्हणतात. “अक्कोर, तुम्ही काल बुडतो म्हणालात की!”

“चमचा म्हणाले होते,” दीपश्री म्हणाली. तिनं दाराआडच्या पिशवीतून चमचा काढून त्याच्या हातात दिला. त्यानं तो टाकला. चमचा तळाला गेला, डबा वरच राहिला. दोन्ही स्टीलचेच. मॅडम केव्हा उठून टबाशी येऊन बसल्या, दीपश्रीला कळलंसुद्धा नाही.

डबा बोटानं खाली दाबून बघत आकाश म्हणाला, “डब्याला पोट आहे. चमच्याला नाही.”

हे त्याला कुणी पढवलं नव्हतं. दीपश्रीच्या अंगावर काटा आला. आठ वर्षांत एकाही पोरानं तिला स्वतःच्या डोक्यातलं काही सांगितलं नव्हतं, कारण तिनं कधी जागाच ठेवली नव्हती.

“तुमच्या पाठात डबा नव्हता,” मॅडम हलकेच म्हणाल्या.

“नव्हता.”

“आणि सुरुवातीचं ते?”

“काल मीच घोकून घेतलं, मॅडम. भीती वाटली होती.”

“सगळेच घेतात. मी रोज तेच ऐकत बसते.” मॅडमनी पदराचं ओलं टोक पिळलं. “पिशवी दाराआड ठेवणारी आज पहिल्यांदा बघितली. पास आहात. आता आधी ही फरशी पुसून घ्या, पोरं घसरतील.”

फडकं आणून दीपश्री फरशी पुसायला बसली. डोळे भरून आले होते, पण एवढ्या पाण्यात ते कुणाला दिसणार होतं? तेवढ्यात श्रीनिधी समोर येऊन उभा राहिला, आपला डबा छातीशी धरून.

“अक्कोर, माझ्यात उप्पीट आहे. माझा बुडतो का तरंगतो?”

उत्तर तिच्या ओठांवर आलं होतं. तिनं ते गिळलं.

“तुला काय वाटतं?”

श्रीनिधीनं बोलायला तोंड उघडलं आणि मिटलं. तो टबापाशी उकिडवा बसला आणि पाण्याकडं बघत राहिला, आणि दीपश्रीनं त्याला बघू दिलं.