मोरीतल्या काळ्या पिशव्या

तीन दिवस झाले, पाटाला पाणी होतं पण रस्त्याखालच्या मोरीच्या पलीकडं टिपूस जाईना. पलीकडं शेवटाला वहीबा म्हातारीचा भाताचा तरवा. एकटी बाई, ना नवरा ना लेक. नाईलच्या पाण्यावर जगणाऱ्या गावात तिची रोपं उन्हानं करपली. गावच्या गड्यांनी नुसतं काठावर उभं राहून तोंडाची वाफ दवडली.

शेवटी इन्शिराहचा सासरा, हाजी मितवल्ली, पायघोळ जिल्बाब कमरेला खोचून मोरीत शिरला. सत्तरीचा माणूस. इन्शिराह भाकरीच्या पिठाचे हात धुऊन काठावर आली.

म्हाताऱ्यानं एकामागून एक काळ्या पिशव्या ओढून काढल्या. गच्च फुगलेल्या. एक फाटली आणि आतले बायकांच्या पाळीचे पॅड सगळ्यांनी बघितले. गड्यांनी माना फिरवल्या.

"वरच्या गावच्या बायांचं काम," एकजण पुटपुटला.

इन्शिराहचे कान तापले. औषधवाल्याच्या त्या काळ्या पिशव्या, वर दुहेरी गाठ. सहा वर्षं तीबी तशाच पाटात टाकत आली होती. तिच्या आईनं बजावलं होतं, जाळलंस तर कूस वाळंल, उकिरड्यावर टाकलंस तर कुणी करणी करंल, वाहत्या पाण्यात सोड. आईच्या वेळी चिंध्या होत्या, त्या कुजायच्या. हे कुठलं कुजतंय?

म्हातारा चिखलानं माखून बाहेर आला. "कैक सालांचं हाय ह्यात, जसंच्या तसं," एवढंच बोलला. सुनंकडं त्यानं बघितलं न्हाई. तेच तिला जास्त लागलं.

संध्याकाळी वहीबा गरम फतीरचं, तुपातल्या पदरी रोटीचं, ताट घेऊन आली.

"हाजी, तरवा गेला त्यो गेला. पर तुमच्यावाणी माणूस हाय म्हणून गाव हाय. आणि पोरी, तुझ्या घरावर अल्लाची सावली राहू दे. अब्रूदार घर."

सासरा चहाच्या पेल्यात बघत बसला. तशी दुहेरी गाठ त्यानं घरात बघितली होती, त्याला ठाऊक होतं. तोंड उघडणार न्हाई, हेबी इन्शिराहला कळत होतं. गप बसलं असतं तर सगळं निभावलं असतं.

"वहीबा खाला," ती म्हणाली, "त्या पिशव्या माझ्या व्हत्या. समद्या न्हाईत. पर माझ्या व्हत्या."

 वहीबा गुडघ्यावर हात टेकून उठली.

"मला कशाला सांगतीस पोरी? मी तर अजून जिती हाय. माझ्या रोपांना सांग जा."

ती गेली. फतीर निवत गेलं, पण त्याला हात लावायची घरात कुणाची छाती झाली न्हाई.