आठ क्रेट फरसबी

हे मी लिहिणार नव्हतो. दोनदा फोनवर टाइप केलं, दोनदा पुसलं. पण आमच्या गटात लिहिणारा मीच. आठवीनंतर शाळा सुटली, बाकीचं मी औषधाच्या बाटल्यांवरचे कागद वाचून वाचून शिकलो. म्हणून फवारणीची वही माझ्याकडे असते. आणि त्या वहीत काय झालं ते दोघांनाच माहीत आहे.

म्वेआ भागात कॅनॉलच्या कडेला आमचा बावीस जणांचा गट. फरसबी लावतो. इथे ती फारसं कुणी खात नाही. आम्हाला मका-घेवड्याची गिथेरी बरी. कोवळ्या शेंगा विमानाने युरोपात जातात. कंपनीने गटाला एक नंबर दिलाय. प्रत्येक क्रेटवर तो नंबर आणि त्याखाली ज्याचं शेत त्याचा नंबर. गटाचा नंबर गेला की दलाल म्हणेल तो भाव.

फरसबीचा वैताग म्हणजे ती थांबत नाही. दिवसाआड तोडा झालाच पाहिजे. दोन दिवस उशीर केला की शेंग जून. मग ती गाईपुढे टाकायची.

फेब्रुवारी लागला आणि ट्रक यायचा बंद झाला. कंपनीचा मुटिसो फोनवर म्हणाला, "विमानात जागाच नाही रे. सगळे गुलाब चाललेत. तिकडे चौदा तारखेला प्रेमाचा दिवस आहे."

वाविराबाई, आमच्या अध्यक्ष, शेजारीच उभ्या होत्या. त्यांनी माझ्या हातातून फोन ओढून घेतला. "काय रे मुटिसो, प्रेम करणाऱ्यांना जेवण लागत नाही का?"

"लागतं हो बाई. पण फेब्रुवारीत नाही."

शेंगा निवडायच्या शेडमधल्या बायका हसल्या. चार दिवसांनी शेडच्या मागे शेंगांचा एवढा ढीग झाला की गाईसुद्धा तोंड फिरवायला लागल्या.

गाचोकी माझा लहानपणापासूनचा मित्र. त्याची लागवड सगळ्यांच्या मागून झालेली, त्यामुळे त्याच्या शेंगा नुकत्या धरत होत्या. त्यावर फुलकिडे पडले. त्याने मला विचारलं, "मुरागे, ट्रक नक्की कधी?"

"चौदानंतर. मुटिसोच म्हणाला."

मग त्याने आठ तारखेला औषध मारलं. ते मारलं की सात दिवस शेंगेला हात लावायचा नसतो. त्याचं गणित बरोबर होतं. संध्याकाळी मला येऊन सांगितलं, मी वहीत आठ लिहिली.

दहा तारखेला सकाळी मुटिसोचा फोन. मोरोक्कोत कडाक्याची थंडी पडली, तिथला माल गेला, भाव दुप्पट. दुपारी ट्रक येतोय, वीस क्रेट पाहिजेत. "वीस नाही झाले तर हा नंबर दुसऱ्या गटाला देणार म्हणतात. वरून आलंय, माझ्यावर डोळे काढू नका."

बायकांनी निवडून निवडून बारा क्रेट भरले. बाकी सगळी जून. आठ कमी पडत होते, आणि आठ क्रेट भरतील एवढा कोवळा माल फक्त गाचोकीच्या शेतात उभा होता.

मी एकटाच त्याच्याकडे गेलो.

"परवा मारलंय औषध," तो म्हणाला. "तूच लिहिलंस ना?"

"लिहिलं. पण नंबर जाईल."

"आणि वही?"

"वहीचं मी बघतो."

त्याने पाटाचं पाणी बंद केलं. मग त्याने तोडणीच्या बायकांना हाक मारली. मी घरी आलो, ते पान फाडलं, आणि नव्या पानावर तारीख लिहिली: तीन. अक्षर छान आलं. हे लिहायची लाज वाटते, पण त्या वेळी मला ते छान वाटलं होतं.

ट्रक भरून गेला. त्या दिवशी सगळ्यांनी शेडमध्ये चहा आणि तळलेली गोड मंदाझी घेतली, गाचोकी सोडून.

पंधरा दिवसांनी मुटिसो स्वतः आला. तिकडच्या तपासणीत शेंगांत औषध सापडलं होतं. क्रेटवर गाचोकीचा नंबर. गटाचा नंबर बंद.

बैठकीत वाविराबाईंनी वही उघडली. "तीन तारीख लिहिलीय. म्हणजे ह्याने आपल्या मुरागेला खोटं सांगितलं. काय रे गाचोकी, काय तारीख सांगितलीस त्याला?"

गाचोकीने माझ्याकडे बघितलं. मी वहीकडे.

"चुकलं माझं," तो म्हणाला.

मागून कोणीतरी म्हणालं, "शेळ्या राखायला पाठवा ह्याला. शेळ्यांना तारीख सांगावी लागत नाही." कुणी हसलं नाही. त्याला गटातून काढलं. त्याची आई गेली सात वर्षं त्याच शेडमध्ये शेंगा निवडते, ती तिथेच बाकावर बसली होती. तिने फडकं झटकलं आणि मुलाकडे न बघता निघून गेली.

आज मी त्याच्या शेतावर गेलो. तो फरसबीची झाडं उपटत होता. फुलं होती अजून.

"बोलला का नाहीस?" मी विचारलं.

"बोललो असतो तर नंबर राहिला असता का? उगाच तूही गेला असतास. मग वही कोण लिहिणार, वाविराबाई? तिला स्वतःची सही करायला दहा मिनिटं लागतात."

"गुरुवारी बैठकीत सांगतो सगळ्यांना."

"बैठकीचं नंतर बघ." त्याने उपटलेली झाडं बांधावर फेकली. "आई अकरा दिवस बोललेली नाही माझ्याशी. जेवणाचं ताट दारात ठेवते आणि आत जाते. लोकांनी काढलं त्याचं काही नाही रे. तिला वाटतं मी खोटारडा."

"मग काय सांगू तिला?"

"मी तुला खरी तारीख सांगितली होती. एवढंच सांग."

मी त्याला शब्द दिला. उद्या सकाळी येतो, आणि तिने चहा ओतायच्या आधी सांगतो. तिच्या हातचा चहा प्यायलो की माझ्याच्याने ते बोलवणार नाही.