लेर्खेनबाखच्या गायीची घंटा

मी घंटा बोलतेय. देवळातली नव्हे, शाळेतलीही नव्हे, गायीच्या गळ्यातली. जर्मनीच्या दक्षिणेला, जिथे आल्प्सचे डोंगर सुरू होतात, तिथल्या लेर्खेनबाख नावाच्या खेड्यात माझा जन्म झाला. परवापर्यंत मुक्काम होता अमेरिकेत, व्हर्जिनियातल्या अ‍ॅशबर्नला. मराठी कशी येते म्हणाल, तर शेजारच्या सत्यजित-आसावरीच्या घरातलं बोलणं उघड्या खिडकीतून वर्षानुवर्षं ऐकत आले. ऐकण्याला कुणाची मनाई नव्हती. आवाज मात्र माझा बांधलेला होता, आणि मला सांगायचंय ते त्याच्याचबद्दल.

गावच्या लोहारानं मला लोखंडी पत्र्यातून ठोकून घडवलं आणि वर पितळेचा मुलामा चढवला. एक ठोका मारायचा, कानाशी धरायचं, मान हलवायची, पुन्हा ठोका. बायको जेवायला हाका मारून थकली, पण मनासारखा सूर लागेपर्यंत तो काही उठला नाही. प्रत्येक घराच्या घंटेचा आवाज वेगळा असावा लागे. डोंगरात धुकं उतरलं की गाय दिसत नाही, नुसती ऐकू येते. मला घेतलं ते थेरेसाच्या वडिलांनी; थेरेसा म्हणजे जिच्याबरोबर मी पुढे अमेरिकेत आले ती. त्यांच्या सगळ्यात पुढे चालणाऱ्या गायीच्या गळ्यात मी असे, आणि त्याचा मला गर्व होता, खोटं कशाला बोलू.

गाव ते केवढं! एक चर्च, एक खाणावळ, उतारावर दाटीवाटीनं उभी असलेली लाकडी घरं. खाली गोठा आणि वर माणसं, म्हणजे थंडीत गायींची ऊब वर चढायची. बर्फ खिडकीला टेकलं की शेजारी एकमेकांच्या दारापर्यंत वाट खणून द्यायचे, आणि बांधावरून तीन पिढ्या चालत आलेलं भांडण तेवढ्यापुरतं बाजूला ठेवायचे. युद्धात गेलेल्यांची नावं चर्चच्या भिंतीवर कोरली होती. एवढ्याशा गावाच्या मानानं ती भिंत फारच भरली होती. मग वीज आली, पोस्टाची बस आली, शहरातले लोक बर्फावर घसरायला येऊ लागले. घराघरावर ‘खोली भाड्यानं मिळेल’ अशा पाट्या लागल्या.

उन्हाळाभर गायी वरच्या कुरणात राहायच्या. सप्टेंबरात त्या खाली उतरत, तो आमचा सण. पोळ्याला तुम्ही बैल सजवता ना, तसेच आमच्याकडे गायींना फुलांचे मुकुट चढत. पण ज्या घरात त्या उन्हाळ्यात मृत्यू झाला असेल, त्या घरच्या गायी बिनफुलांच्या उतरत आणि त्यांच्या घंटा वाजू नयेत म्हणून आतले लोलक कापडानं बांधलेले असत. पुढच्या वर्षी त्याच दिवशी शेजारी येऊन ते कापड सोडत. घरच्यांनी सोडायचं नाही, हा नियम. घरच्यांना वाटतच राहतं, अजून थोडे दिवस राहू दे.

थेरेसाचा थोरला भाऊ लोरेंझ धुक्यात चुकलेली कालवड शोधायला गेला आणि कड्यावरून घसरला. तेव्हा तो बावीस वर्षांचा होता. आईनं स्वतःच्या काळ्या एप्रनची पट्टी फाडली आणि माझा लोलक बांधला. त्या हिवाळ्यात वडिलांनी सगळ्या गायी विकून टाकल्या. पुढच्या सप्टेंबरात आमच्या घरच्या गायीच नव्हत्या, मग कोण कशाला येतंय मला सोडायला? थेरेसानं मिलर नावाच्या एका अमेरिकन सैनिकाशी लग्न केलं. निघताना आईनं मला तिच्या बॅगेत घातलं, जशी होते तशी.

आम्ही अ‍ॅशबर्नला आलो तेव्हा इथेही गायी होत्या, हे आता कुणाला खरं वाटणार नाही. कुंपणापलीकडे त्या रवंथ करत उभ्या असत आणि मी कपाटातून त्यांचं हंबरणं ऐके. पुढे कुरणं गेली आणि बिनखिडक्यांची डेटा सेंटर्स आली. ती रात्रंदिवस घुमतात, थांबत नाहीत, आणि त्यांच्या आवाजावरून कोण कुणाच्या घरचं ते काही कळत नाही. इथे थेरेसाची टेरी झाली. नवऱ्याशी, मुलाशी ती गावाबद्दल बोललीच नाही. मुलानं, डेव्हिडनं, लहानपणी विचारलं की हिच्यात कापड का, तर म्हणाली, “आवाज होऊ नये म्हणून.” दर सप्टेंबरात मला खाली काढायची, गाठीवरून बोट फिरवायची आणि परत ठेवायची. मला वाटायचं, सोडेल आता. ती कधीच सोडत नसे.

नवरा गेला, गुडघे गेले. या वर्षी डेव्हिड तिला आपल्याकडे अ‍ॅरिझोनाला न्यायला आला. घर रिकामं करायला गॅरेज सेल लावला, आणि त्या बिचाऱ्यानं मला ‘फ्री’ लिहिलेल्या खोक्यात टाकलं. टेरी आत दुपारभर कपाटं उघडत मला शोधत होती, आणि मी शेजारच्या घरी पोचलेसुद्धा.

“आसावरी, घंटा मिळाली बघ, तीपण फ्री,” सत्यजित म्हणाला. “आपल्या घंटेची मूठ तुटलीये ना?”

त्यांच्याकडे गणपती बसले होते. सत्यजितची आई शरयूताई नागपूरहून सहा महिन्यांसाठी आलेल्या. त्यांनी मला उलटसुलट पाहिलं. “देवापुढे चामडं नको रे,” म्हणत पट्टा काढला आणि लाल नाडी ओवली. “आत काय कोंबलंय हे? पॅकिंग दिसतंय.” कात्रीनं गाठ कापून त्यांनी ती काळी पट्टी काढून टाकली आणि मला चिंचेनं लख्ख घासलं. माझा जीव नुसता वरखाली होत होता.

संध्याकाळी आरती सुरू झाली आणि नातीनं, सावनीनं, मला हलवलं. आवाज पहिल्यांदा घोगरा आला, मग सुटला. मला रडू येत होतं, पण घंटेला रडता येत नाही. म्हणून मी वाजत राहिले.

आरती संपायच्या आतच टेरी दारात उभी राहिली, वॉकरवर रेलून, मागे डेव्हिड. सत्यजितला वाटलं, तक्रार आहे. “सावनी, स्टॉप. सॉरी टेरी, दहा मिनिटांत संपेल.”

“हिला कुणी सोडलं?” टेरीनं इंग्रजीत विचारलं.

टाळ थांबले. “आम्हाला ते पॅकिंग वाटलं,” आसावरी म्हणाली. टेरीला खुर्चीवर बसवलं. मग तिनं सगळं सांगितलं: धुकं, कालवड, लोरेंझ. हे नाव अमेरिकेत मी तिच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं. डेव्हिडनंही. तिच्या बोलण्यात राग नव्हता. “हे शेजाऱ्यानं करायचं असतं,” ती म्हणाली. “आणि आमच्या शेजारचं आता कुणीच उरलं नाही. आमच्या गावात तर आता गायीसुद्धा नाहीत.”

आसावरीनं सासूबाईंना ते मराठीत सांगितलं. शरयूताई ऐकून घेत होत्या.

“म्हणजे दुखवटा,” त्या म्हणाल्या. “आपल्याकडे तरी घरचे कुठे काढतात? बाहेरून कुणीतरी येऊन तोंड गोड करावं लागतं. पण शेजारचं कुणी नाही म्हणते ही? भिंतीला भिंत लागून आहे. मग आपण कोण आहोत, विचार तिला.”

आसावरीनं विचारलं. शरयूताईंनी बशीत मोदक आणून तिच्या हातात दिला, आणि ती तो हळूहळू, शेवटच्या तुकड्यापर्यंत खात राहिली. डोळे वाहत होते, ते तिनं पुसले नाहीत. मग सावनीनं मला तिच्यापुढे धरलं. “डू यू वॉन्ट टू रिंग इट?” टेरीनं मला वाजवलं, लेर्खेनबाखला गायीच्या गळ्यात मी वाजे तसं, मनगट सैल सोडून.

शरयूताईंनी माझा पट्टा परत बांधून दिला. “तुझ्या घरची आहे, तुझ्याकडेच असू दे. आम्ही टाळ वाजवू.” हे सांगायला आसावरीची गरज पडली नाही.

म्हणून निरोपापूर्वी एकच विनंती. तुमच्या शेजारी कुणी असं गप्प राहून दुःख जपत असेल, तर बोलावण्याची वाट पाहू नका. जा.

मी आता अ‍ॅरिझोनाच्या रस्त्यावर आहे, थेरेसाच्या मांडीवर. रस्ता उकरलेला आहे आणि गाडी जरा हादरली की मी वाजते.

“मॉम, ती मागे बॅगेत ठेवू का? केव्हाची वाजतेय.”

“वाजू दे,” ती म्हणाली, आणि लोरेंझ दोन बोटं तोंडात घालून शिट्टी कशी मारायचा, ते त्याला सांगू लागली.