बँकेच्या बाजूची फरशी

फरशीवाल्याच्या स्वतःच्या घरातली फरशी अर्धवट असावी, याचं लोकांना हसू येई. शिंप्याचा सदरा उसवलेला, सुताराचं दार करकरणारं, तसलाच हा प्रकार, असं पाहुण्यांना वाटे. पण तसं नव्हतं. फरश्या सगळ्या बसवून झाल्या होत्या. गोटी ठेवली तर जागची हलणार नाही, इतकी पातळी साधलेली. राहिले होते ते फक्त सांधे. मागच्या भिंतीपासून निम्म्या खोलीपर्यंत दोन फरश्यांमधले सांधे पांढऱ्या सिमेंटने भरलेले, आणि तिथून दारापर्यंत उघडे, धूळ खात पडलेले.

त्याची गोष्ट अशी. घर घेतलं ते जवळजवळ सगळं कर्जावर. कर्ज वीस वर्षांचं, हप्ता दर महिन्याला ठरलेला, तेवढाच. ताबा मिळाल्यावर फरशीवाल्याने बाहेरची कामं आठ दिवस बंद ठेवली आणि पुढच्या खोलीत स्वतःच्या हाताने फरशी टाकली. टाकून झाल्यावर दारात उभा राहून मोजली, तर आडव्या बारा फरश्या आणि ओळी बरोबर वीस. त्याने बायकोला हाक मारली.

"अगं, बघ. ओळीत बारा फरश्या, वर्षात बारा हप्ते. ओळी वीस, वर्षं वीस. ही खोली आपल्यासाठीच कापून ठेवलेली."

"खोल्या काय कपड्यासारख्या कापतात का?" बायको म्हणाली. ती शिवणकाम करी.

पण हे त्याच्या डोक्यात बसलं ते बसलंच. त्याने ठरवलं, एक हप्ता भरला की एका फरशीचे सांधे भरायचे. भरली ती आपली, उघडी ती बँकेची. मागच्या भिंतीपासून सुरुवात आणि शेवटची फरशी उंबऱ्याशी. ज्या दिवशी उंबऱ्याशी पोचू, त्या दिवशी घर आपलं.

"आणि तोवर माझ्या झाडूने काय करायचं?" बायकोने विचारलं.

पहिलं वर्ष तिलाही गंमत वाटली. हप्ता भरून आला की तो वाटीभर पांढरं सिमेंट कालवी, चिमूटभर रंग टाकी, गुडघ्यांवर बसून एका फरशीभोवती बोट फिरवी आणि ओल्या फडक्याने पुसून घेई. दर महिन्याचं कालवण वेगळं, त्यामुळे प्रत्येक फरशीच्या कडेचा रंग किंचित वेगळा उठे. पुढे मात्र उघड्या सांध्यांत खरकटं अडकू लागलं, मुंग्या आल्या, आणि बायकोचं तोंड सुरू झालं. "तुमच्या बँकेला सांगा, मुंग्या तरी परत घेऊन जा." तिचा भाऊ आला की मुद्दाम दाराजवळ बसे. म्हणे, "दाजी, मला बँकेच्याच बाजूला बसू द्या. चहा सांडला तर बँक पुसेल."

पण ही फरशी मनावर घेतली ती त्याच्या आईने.

म्हातारीने सगळा जन्म भाड्याच्या खोल्यांत काढला होता. घरमालकाच्या एका शब्दावर किती वेळा बोचकं बांधलं, त्याचा हिशोब तिच्याकडेही नव्हता. इथे आली तेव्हा तिची खाट मागच्या भिंतीशी, अंधाऱ्या कोपऱ्यात लावली. खोलीला खिडकी एकच, उजव्या हाताची. तिच्याखाली चौथी, पाचवी आणि सहावी ओळ येई.

"आई, खिडकीखाली लावू का खाट? वारा लागेल."

"ती जागा कुणाची?"

"अजून बँकेची."

"मग नको. दुसऱ्याच्या जागेत खूप झोपले. तुझी होऊ दे, मग लाव."

लेक हसला, सून हसली, पण म्हातारी हलली नाही. सहा उन्हाळे तिने त्या कोपऱ्यात घाम पुसत काढले. हप्त्याच्या दिवशी मात्र उठून बसायची आणि लेकाचं बोट सांध्यातून फिरताना बघायची. "नीट भर रे. कंजुषी नको करू. माझी जागा आहे ती."

सहाव्या ओळीची शेवटची फरशी भरली, त्या संध्याकाळी दोघांनी खाट उचलून खिडकीखाली नेली. म्हातारीने खाटेवरून हात खाली सोडला, फरशीवरून फिरवला. म्हणाली, "गार आहे."

त्यानंतर ती चारपाच महिनेच जगली. जाताना त्रास झाला नाही. आदल्या दिवशी सुनेला म्हणाली होती, "मला आता कुणी ऊठ म्हणणार नाही." फरशीवाल्याने हे वाक्य जपून ठेवलं होतं. हप्ता जड गेला, काम मिळालं नाही, उसनवारी करावी लागली की तो ते काढून बघे. आईला तिच्या हक्काच्या जागेवरून पाठवलं. एवढं केलं आपण.

दहावी ओळ भरत आली तेव्हा गुडघे बोलू लागले. फरशीवाल्याचा सगळा धंदा गुडघ्यांवर. आधी नुसती कळ यायची, मग सूज उतरेना, मग एका कामावर बसला तो उठलाच नाही, दोघांनी काखेत हात घालून उभा केला. डॉक्टरने फोटो उजेडापुढे धरला आणि म्हणाला, "आता बसायचं ते खुर्चीवर."

"आणि फरशी?"

"दुसऱ्याला बसवू दे."

त्या आठवड्यात नवराबायकोने फार विचार करून एक बेत आखला. बेत साधा होता. अर्धी फरशी भरली म्हणजे अर्धं घर आपलं. घर विकायचं, अर्ध्याने बँक मोकळी करायची आणि उरलेल्या अर्ध्यात गावाच्या टोकाला एक लहानशी खोली रोखीने घ्यायची. हप्ता नाही, बँक नाही. पोटापुरतं शिवणातून आणि फरशीच्या दुकानात बसून मिळेल. घरांचे भाव काही वाढले नव्हते, ज्या कारखान्याच्या भरवशावर ती वस्ती उभी राहिली तोच बंद पडला होता. तरी दलालाने गिऱ्हाईक आणलं. घेतलं होतं त्यापेक्षा थोडं कमी, पण देतो म्हणाला. टोकाची खोलीही बघून आले. बायकोने तिथे मशीन कुठे ठेवायचं ते ठरवूनही टाकलं.

"तिथल्या फरशीचे सांधे पहिल्या दिवशी भरायचे," तिने बजावलं. "सगळे. एका दमात."

"एका दमात," तो म्हणाला.

मग तो बाकी किती ते विचारायला बँकेत गेला. कर्जाच्या टेबलाशी बसणारी बाई चाळिशीची, चष्मा केसांत खोचलेली. तिने आकडा कागदाच्या तुकड्यावर लिहून पुढे सरकवला. त्याने वाचला, पुन्हा वाचला.

"बाई, हा दुसऱ्या कुणाचा असेल."

"तुमचाच आहे, काका."

"दहा वर्षं झाली. एक हप्ता चुकवला नाही. अर्धं फिटलं ना?"

"अर्धी वर्षं झाली," बाई म्हणाली. "अर्धं कर्ज नाही फिटलं. रुपयातले बारा आणे अजून बाकी आहेत."

मग त्याने तिला फरशीची गोष्ट सांगितली, बारा आणि वीस, सगळी. त्याला वाटलं, ती हसेल. ती हसली नाही. चष्मा डोळ्यांवर घेऊन तिने कागदावर चौकोन काढायला घेतले.

"असं बघा. हप्ता आला की आधी व्याज जेवतं. जेवढं कर्ज बाकी, तेवढ्याचं व्याज. ताटात उरेल ते मुद्दलाच्या वाट्याला. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याजाची भूक मोठी. पहिला हप्ता भरलात तेव्हा तुमची एक फरशी झाली नव्हती. तिचा एक तुकडा झाला होता, तिसऱ्या हिश्श्याएवढा."

"तुकडा."

"पुढे तो तुकडा वाढत जातो. शेवटी शेवटी तर महिन्याला दोन दोन फरश्या तुमच्या होतील."

"शेवटी," तो म्हणाला. "आणि तोवर गुडघे कुणाचे लावू?"

मग त्याने विचारलं, "आजवर दिले किती मी?"

तिने बेरीज केली. "घेतलं होतं तेवढं तर केव्हाच दिलंत. वर थोडं जास्तच."

"आणि वीस वर्षं दिले तर?"

"सव्वादोन घरांहून थोडे जास्त होतील."

"राहायला एकच?"

"एकच."

त्याने टेबलाची कड धरली. "म्हणजे फसवलं की हो आम्हाला."

"फसवलं नाही, काका. सही केलीत त्या कागदांत सगळं लिहिलेलं आहे. सुरुवातीच्या वर्षांत हाताशी आलेले जास्तीचे पैसे भरले असते, तर त्यात ओळीच्या ओळी सुटल्या असत्या. पण सही करताना तुम्ही काय विचारलं होतं, आठवतं?"

त्याला आठवलं. हप्ता किती, एवढंच त्याने विचारलं होतं. आकडा झेपणारा निघाला, तेव्हा त्याला आनंद झाला होता. आणि तिसऱ्या वर्षी एका मोठ्या इमारतीचं काम मिळालं होतं, त्याचे पैसे अडीअडचणीला म्हणून तसेच बाजूला पडून राहिले होते. आईच्या आजारपणात ते गेले.

"सगळे तेवढंच विचारतात," बाई म्हणाली. "मीही तेवढंच विचारलं होतं." तिने चौकोनांचा कागद त्याच्या हातात दिला.

घरी येऊन तो दारातच बसला, बँकेच्या बाजूला. बायको मशीनवर होती. त्याचं तोंड बघून तिने पाय थांबवला.

"काय म्हणाली?"

त्याने जमेल तसं सांगितलं. विकून बँक फेडली आणि दलाल फेडला, तर उरेल त्यात टोकाची अर्धी खोलीही येत नव्हती. तिने मध्येच थांबवून दोनदा विचारलं, जिथे तो अडखळला तिथे स्वतः जुळवलं, आणि शेवटी एकच प्रश्न केला.

"मग आपल्या ओळी किती?"

"पाच. आणि सहावीतल्या चार फरश्या."

बायकोने मागच्या भिंतीपासून ओळी मोजल्या. बोट खिडकीखाली येऊन थांबलं. खाट अजून तिथेच होती, तिच्यावर शिवायचे कपडे रचलेले.

"म्हणजे आई गेल्या तेव्हा..."

"गप्प बस."

"तेव्हा तर तीनसुद्धा..."

"गप्प बस म्हटलं ना!"

तिने बोट मागे घेतलं. तो मात्र मोजत होता. चौथी, पाचवी, सहावी. त्या वेळी तिथली एकही फरशी त्यांची नव्हती. आजसुद्धा खाटेचे दोन पाय बँकेच्या जागेत होते. सहा उन्हाळे म्हातारीने अंधाऱ्या कोपऱ्यात काढले, आणि लेकाने हाताला धरून तिला पुन्हा दुसऱ्याच्याच जागेत नेऊन निजवलं. तिला ते कळलं नाही, हे बरं झालं की वाईट, हेही त्याला ठरवता येईना.

गिऱ्हाईक गेलं. हप्ता मात्र दर महिन्याला येतच राहिला, त्याला गुडघ्यांशी काही देणंघेणं नव्हतं. दोन हप्ते थकले, बँकेचा माणूस येऊन गेला, गोड बोलून गेला. मग बायकोनेच मार्ग काढला. घर भाड्याने द्यायचं, येईल ते भाडं हप्त्यात घालायचं, कमी पडेल ते शिवणातून आणि दुकानातून. स्वतः राहायचं मेहुण्याच्या ओळखीने मिळालेल्या एका खोलीत. साधी सिमेंटच्या कोब्याची जमीन, फरशी नाहीच.

"म्हणजे भाडेकरू राहणार आपल्या घरात, आणि आपण भाडेकरू दुसऱ्याच्या," तो म्हणाला.

"आपण इथे तरी कोण होतो?" बायको म्हणाली.

भाडेकरू जोडपं बघायला आलं. दोघं नोकरी करणारी, नीटनेटकी. बाईने खोली पसंत केली, खिडकी तर फारच आवडली. मग खाली बघून म्हणाली, "ही अर्धी फरशी अशी का? मुंग्या होत असतील. सांधे भरून द्याल ना?"

"देतो," फरशीवाला म्हणाला.

दुसरा माणूस लावायला पैसे नव्हते. सामान हलवून झाल्यावर तो रिकाम्या खोलीत आला. बायकोने जुन्या गोधडीची घडी त्याच्या गुडघ्यांखाली सरकवली. ती सांध्यांतली दहा वर्षांची धूळ सुईने उकरून काढी, ओलं फडकं फिरवी, तो मागून भरत येई. त्यांतून मणी निघाले, तुटक्या सुया निघाल्या, मेहुण्याने सांडलेल्या चहाची साखर निघाली. एका फरशीला एक महिना लागायचा, तिथे एका दिवसात ओळींमागून ओळी सरत होत्या. सगळं कालवण एकदम केलेलं, म्हणून या बाजूचा रंग एकसारखा उठला. मागची ठिगळाठिगळांची फरशी त्यापुढे कुणा शिकाऊ माणसाने केल्यासारखी दिसत होती.

दर ओळीला तो थांबे. मांडीखाली हात घालून पाय उचले आणि एक फरशी मागे ठेवी. तोंडातून कण्हणं निघालं की बायको म्हणे, "राहू द्या," आणि तो म्हणे, "राहिलं किती आता."

असं करत दोघं उंबऱ्याबाहेर आली. शेवटच्या फरशीची कड त्याने बाहेर बसून, आत हात घालून भरली आणि पुसली. पुढून मागून खोली सगळी भरलेली, एक सांधा उघडा नाही. ओल्यावर पाय देता येत नाही, दिला तर उमटतो, म्हणून आता आत जायची सोय उरली नव्हती.

"झाली बाई एकदाची," बायको म्हणाली. मग तिच्या लक्षात आलं. "अहो, खिडकी उघडीच राहिली."

फरशीवाल्याने भिंतीला धरून उठायचा प्रयत्न केला. जमलं नाही. तो तसाच उंबऱ्याबाहेर बसून खिडकीकडे, तिच्याखालच्या रिकाम्या जागेकडे बघत राहिला.

"राहू दे," तो म्हणाला. "ज्याची असेल तो लावून घेईल."