मुकुटाची बटणं

माझी बायको एव्हान्थिया फेब्रुवारीत वारली आणि त्यानंतरही माझ्या लष्करी कोटाची बटणं तीच बदलत राहिली.

आमच्या ग्रीसमध्ये तेव्हा राजा येत होता आणि जात होता. राजा असला की अधिकाऱ्यांच्या बटणांवर मुकुट हवा. राजाला घालवलं की साधी बटणं. लारिसाच्या छावणीत प्रत्येकाच्या घरी दोन्ही जोड असत. बातमी आली की बायका सुया घेऊन बसत. एव्हान्थिया कात्री वापरत नसे. लावलेलं बटण दोनदा ओढून बघायची आणि दोरा दातांनी तोडायची.

ती गेल्यावर पहिल्यांदा बटणं बदलली ती बातमीच्या आधी. सकाळी उठलो तर कोटावर मुकुट. दुपारी कळलं, राजा परत येतोय. अख्ख्या छावणीत माझाच कोट बरोबर होता. मला मेजर केलं. मी आधी शेजारणीवर संशय घेतला. मग दोऱ्याचं टोक पाहिलं. ते चावलेलं होतं आणि अजून ओलं होतं.

पुढच्या खेपेला मुकुट गेले, मागोमाग राजा गेला. माझ्या वरचे दोघे तुरुंगात गेले. मी राहिलो.

"तुला आधी कोण सांगतं रे?" कॅप्टन थ्रासोसने विचारलं. आमच्या लग्नात नवरानवरीच्या डोक्यावर फुलांचे मुकुट त्यानेच ठेवले होते.

"कोणी नाही."

"माझ्यापासूनही लपवणार? घरी बाई येते ना कोणी? शहाणा आहेस!"

"येते. एव्हान्थिया."

तो हसला. मग त्याने माझ्या बटणाच्या ओल्या दोऱ्याला बोट लावून पाहिलं आणि तो हसायचा थांबला.

त्यानंतर रोज सकाळी अधिकारी माझ्या अंगणात जमू लागले, खिशात दोन्ही जोड घेऊन. "कोट जरा उन्हात झटका ना, मेजर," ते म्हणत. बटणं बघत आणि घरी पळत. दुपारपर्यंत छावणी बाजू बदलायची. छावणी बदलली म्हणून अथेन्समधलं सरकार पडायचं. आधी बातमी की आधी बटणं, हे कोणालाच सांगता येईना.

कर्नल व्लाखोसनी मला बोलावून घेतलं.

"तुमची बायको कोणत्या बाजूची?"

"ती वारली, साहेब."

"ते मी विचारलं नाही."

इतक्या वर्षांत मी तिला हे कधी विचारलं नव्हतं.

त्यांनी दफनभूमीत पहारा बसवला. पहारेकऱ्याला तिच्या थडग्यातून वर आलेला काळा दोरा सापडला. तो रस्त्याने माझ्या घरापर्यंत येत होता आणि दाराखालून कपाटातल्या माझ्या कोटापर्यंत जात होता. लोक त्याच्यावर पाय देत नसत. दूधवाला आपली शेळी उचलून पलीकडे नेई.

कर्नलनी आपला कोट माझ्याकडे ठेवला. सोबत सोन्याचं एक मोठं बटण, त्यावर राजाच्यापेक्षा मोठा मुकुट. "हे लावायला सांगा तिला."

सकाळी त्यांचा कोट होता तसाच होता.

"का?"

"दुसऱ्या बाईच्या नवऱ्याच्या कोटाला ती हात लावत नसे, साहेब."

"उद्यापर्यंत लावेल. नाहीतर मी दोरा तोडतो."

मी माझा कोट अंगात घालूनच झोपलो. कोण येणार, कोण जाणार, मला काही घेणं नव्हतं. दोरा तुटायच्या आत तिचे हात एकदा धरायचे होते.

जाग आली तेव्हा उजाडलं होतं. कोटावर बटणं नव्हती. कोटाच्या दोन्ही कडा खालपासून गळ्यापर्यंत एकमेकींना शिवलेल्या होत्या, तिच्या बारीक टाक्यांनी. बाह्या कोटाच्या कुशीला शिवल्या होत्या. मला हात हलवता येत नव्हते. कॉलरपासून निघालेला दोरा ताणलेला होता आणि दाराखालून बाहेर गेला होता.

दार थ्रासोसने उघडलं. अंगणातले सगळे माझ्या छातीकडे बघत राहिले. मग त्याने आपलं पहिलं बटण उपटलं. बाकीच्यांनीही कोटाला आणि खिशात हात घातला. मुकुटाची आणि साधी, दोन्ही बटणं फरशीवर पडू लागली.

कर्नल व्लाखोस एका हाताने अंगातला दुसरा कोट छातीशी घट्ट धरून उभे होते. दुसऱ्या हातात कात्री होती.

"मेजर, याचा अर्थ काय?"

"तिचं शिवून व्हायचंय अजून, साहेब."

त्यांनी दोऱ्याभोवती कात्री उघडली. दोरा दोनदा ओढला गेला, आणि माझ्या गळ्याशी, शेवटच्या टाक्यापाशी, मला गार दात लागले.