फुंकर

आमच्या खांबडेवाडीचा धाकू गुरव रवळनाथाला कौल लावायचा, तेव्हा वाडीतली मांजरंसुद्धा घसा साफ करून 'होय म्हाराजा' म्हणायची. खोटं वाटत असेल तर मांजरांना विचारा.

त्या वर्षी हिंदी सिनेमावाले आले. पुराणातला भुकेला देवचार जागा होतो आणि माणसांच्या हावेवर पोसतो, अशी त्यांची गोष्ट. त्यांना आमची देवराई हवी होती. डायरेक्टर म्हणाला, "देव हो म्हणाला तर गुरवाचं काम तुम्हीच करा, बाबा. अशी मुद्रा नटाला कुठली?" धाकूने त्या दिवशी दोनदा दाढी केली.

कौलाला सारी वाडी देवळात जमली. कुणाला आपला बैल सिनेमात हवा होता, कुणाला आपली सून. मला देवचार व्हायचं होतं. मेकअपचा खर्च वाचला असता. "आठवण म्हणून" त्यांचा कॅमेराही चालू होता.

धाकूने कौलाच्या ताटातल्या ओल्या पाकळ्या देवाच्या पाषाणाच्या दोन्ही खांद्यांना चिकटवल्या. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार.

"बा रवळनाथा म्हाराजा, ही पावणी मंडळी तुझ्या राईत सिनेमा काढूक इली आसत. तुझी मर्जी आसात तर उजवी दी म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

काही केल्या पाकळी हलेना. उलट डावी जराशी सुटल्यासारखी दिसली. धाकू नमस्काराला वाकला, त्याचा गाल फुगला आणि उजवी पाकळी पडली.

आम्ही सगळ्यांनी ते पाहिलं. सगळ्यांनी माना खाली घातल्या आणि मग इतक्या जोरात 'होय म्हाराजा' केलं, की समुद्र दोन पावलं मागे सरला.

सिनेमा गाजला. आम्ही टेम्पो करून कुडाळच्या टॉकीजात गेलो. धाकू नव्या सदऱ्यात, पहिल्या रांगेत. बाकीचं त्याचं सगळं काम कापलेलं. उरला होता तो कौल. पडद्यावर धाकूचा गाल आला, होडीच्या शिडाएवढा! शीड फुगलं, पाकळी उडाली. मागे आमची तोंडं, एकेक रांजणाएवढं, आणि एकेक करून खाली जाणारी.

मागून कुणी परका ओरडला, "रे, गुरवान फुंकर मारल्यान रे!" टॉकीज हसून फुटलं.

धाकूची बायको सुलभा हळूच म्हणाली, "तरी म्हटलां, उजवी पडली ती समईपर्यंत उडान कशी गेली!"

 

दुसऱ्या दिवशी सकाळी धाकूने सगळ्या वाडीसमोर स्वतःसाठी कौल लावला. तोंडाला पंचा घट्ट बांधून तो पाषाणापासून लांब उभा राहिला. ते पाहून सुलभाने तोंडाला पदर लावला. मग एकेक करत आम्ही सगळ्यांनी रुमाल, टॉवेल, जे मिळेल ते बांधलं. रस्त्यावरून जाणाऱ्या मासेवालीला वाटलं, गावात साथ आली. तिने टोपली उचलली आणि पळाली.

पंच्याआडून धाकू म्हणाला, "बा म्हाराजा, मी फुंकर मारलंय. तुझ्या सेवेक मी ऱ्हवाचा आसात तर उजवी दी, नायतर डावी."

पाकळी हलेना. ऊन उंबऱ्यावर आलं, आत सरकलं. घरी कुणी गेलं नाही.

डावी पडली.

 धाकूने पंचा सोडला, कौलाचं ताट पाषाणापुढे ठेवलं आणि एकटाच म्हणाला,

"होय म्हाराजा."