बाबांचं गुणगुणणं

धाकटीनं आपल्या पहिल्यावहिल्या चित्रपटासाठी तीन महिने खपून संगीत केलं होतं. बासरी, चेलो, सगळा थाट. आणि दिग्दर्शकाला काय आवडावं? तर शेवटच्या प्रसंगात नुसती जागा अडवायला म्हणून घातलेलं तिच्या बाबांचं गुणगुणणं! एका सकाळी बाबा बूट पुसत होते, तेव्हा तिनं ते फोनवर गुपचूप टिपलं होतं. दिग्दर्शकानं तो प्रसंग त्याच तुकड्यासह शंभरदा पाहिला आणि आता त्याला दुसरं काही गोडच लागेना. या रोगाला औषध नसतं, हे धंद्यातल्या सगळ्यांना ठाऊक आहे. चूक धाकटीचीच होती.

"हेच हवं," तो फोनवर म्हणाला. "फक्त मागे स्वयंपाकघरातला मिक्सर घरघरतोय, तो काढ. आज दुपारपर्यंत दे, नाहीतर तिथे मी कुणाचं तरी तयार संगीत विकत घेतो."

शेवटचाच प्रसंग हातचा गेला, तर चित्रपटाचं संगीत आपलं कसं म्हणायचं? धाकटी लगेच मशीनपाशी बसली. पण मिक्सरचा आवाज काही निघेना. मग तिनं बाबांनाच आपल्या स्टुडिओत आणलं. स्टुडिओ म्हणजे भिंतींना जुनी ब्लँकेटं ठोकलेली खोली.

बाबांनी घसा खाकरला, एक हात हवेत नेला आणि भरल्या मैफलीत बसल्यासारखे गायला लागले. एकदा, दोनदा, अकरा वेळा.

"बाबा, घरी गाता तसं गा ना!"

"घरी? मी कधी गातो?" बाबांना खरंच पत्ता नव्हता.

शेवटी तिनं आपला बूट काढून ब्रशसकट त्यांच्या हातात दिला. "गाणं राहू द्या. मला नुसता ब्रशचा आवाज हवाय." माईक जरा सरकवून ती मशीनपाशी खाली मान घालून बसली.

ब्रश चार वेळा फिरला, थांबला आणि गुणगुणणं सुरू झालं. तेच, मध्येच बेसूर होणारं, श्वास संपला की तुटणारं. ते संपेपर्यंत धाकटीनं पापणी हलवली नाही.

तिनं तुकडा पाठवला. पाचच मिनिटांत दिग्दर्शकाचा निरोप आला: "झालं!" धाकटी बाबांच्या गळ्यातच पडली.

"बाबा, एक सांगू? मी फसवलं तुम्हाला."

"मला? अगं, ब्रश माझ्या मांडीवर आणि माईक तोंडासमोर. मी काय दुधखुळा आहे?"

"मग गायलात कसे? इतका वेळ तर जमत नव्हतं!"

"इतका वेळ तू वाद्यवाल्याकडे बघावं तशी बघत होतीस. मग खाली मान घालून बसलीस. म्हटलं, पोरगी घाबरलीये." बाबांनी बूट तिच्या पायाशी ठेवला. "लहानपणी तू घाबरलीस की मी असंच गुणगुणायचो. तेवढ्यानं झोप लागायची तुला."

धाकटीला हसावं की रडावं कळेना, म्हणून तिनं दोन्ही केलं.